घाटवाटा, ओझी आणि माणसाचे माप



वसंत व्याख्यानमालेत इतिहासावर बोलावयाचे म्हणजे एखाद्या राजाचे चरित्र घ्यावे, निदान एखादी लढाई तरी घ्यावी, असा रिवाज आहे. आम्ही आयुष्यातील बरीच वर्षे ओझी उचलणाऱ्या माणसांच्या संघटनेत घालविली. शाळा लवकर सुटली; पुढचे शिक्षण सार्वजनिक वाचनालयात आणि हमालांच्या बैठकीत झाले. त्यामुळे इतिहासाचे पान उलटताना आमच्या मनात पहिला प्रश्न येतो तो असा, की हे सामान कोणी वाहिले, कोणत्या वाटेने वाहिले आणि वाहताना त्याच्या डोक्यावर, पाठीवर व पायांत काय होते? किल्ला कोणी बांधविला हे शिलालेख सांगतो. किल्ल्याचा दगड चढविणाऱ्याचे नाव तो सांगत नाही. परंतु त्या माणसाने पाडलेली वाट अजून जागेवर आहे, आणि त्याने वापरलेली साधनेही पुष्कळ अंशी टिकली आहेत. ही वाट आणि ही साधने म्हणजे एक प्रकारची बखरच होय. ती आज वाचून पाहावी, असा आमचा विचार आहे.

यासाठी फार दूर जावयास नको. आपल्या जिल्ह्याच्या पश्चिम टोकाला अकोले तालुका आहे. महाराष्ट्रातील सर्वांत उंच शिखर कळसूबाई, उंची १६४६ मीटर, तेथेच आहे. त्याच्या दक्षिणेस रतनगड व हरिश्चंद्रगड आहेत. नगर शहरात बसून या मुलखाची कल्पना येत नाही. शहराच्या वाट्याला वर्षाकाठी सहाशे मिलिमीटरच्या आतबाहेर पाऊस येतो. घाटघरला तो पाच हजारांच्या आसपास पडतो. एकाच जिल्ह्यात एकीकडे चाऱ्याची छावणी आणि दुसरीकडे चार महिने धो धो पाणी, असा हा प्रकार आहे. खाली कोकण, वर देश आणि मध्ये दोन-तीन हजार फुटांचा काळ्या कातळाचा कडा. या कड्यावरून माणसाने वाटा काढल्या, त्यांना आपण घाटवाटा म्हणतो.

या वाटांचे वय किती, याचा दाखला शेजारच्या जुन्नर तालुक्यात मिळतो. तेथील नाणेघाटात सातवाहनांची राणी नागनिका हिचा शिलालेख आहे. म्हणजे दोन हजार वर्षांपूर्वी ही वाट राबती होती. जकातीचे नाणे टाकावयाचा म्हणून दाखविला जाणारा दगडी रांजण सर्वांनी पाहिलेला असतो. आम्हांस मात्र त्या रांजणापेक्षा तेथील पाण्याची टाकी अधिक महत्त्वाची वाटतात. कोकणातून बंदराचा माल घेऊन चढणारा माणूस आणि जनावर माथ्यावर येते तेव्हा त्याला सर्वांत आधी पाणी हवे असते, सावली हवी असते आणि ओझे उतरवून ठेवावयास सपाट जागा हवी असते. लेणे, टाके आणि दगडी फरसबंदी या तिन्ही गोष्टी तेथे एकत्र सापडतात. जकात घेणाऱ्याला वाटसरू जगला पाहिजे हे कळत होते, असे म्हणावे लागते.

हरिश्चंद्रगडावरही हेच. तेथील मंदिर आणि केदारेश्वराची गुहा पाहावयास लोक जातात. परंतु कातळात खोदलेली टाकी नीट पाहा. काही टाकी आत खांब सोडून कातळाच्या पोटात खोदलेली असतात. त्यांना खांबटाकी म्हणतात. वर कातळाचे छत असल्यामुळे ऊन लागत नाही, पाणी आटत नाही, थंड राहते. पावसाळ्यात दोनशे इंच पाऊस आणि वैशाखात घोटभर पाण्याची वाण, या मुलखाचा हा स्वभाव ज्याने ओळखला त्यानेच असे टाके खोदावे. डोंगराचा स्वभाव आणि माणसाची गरज या दोहोंचा मेळ घालणे, यालाच आज रचनाशास्त्र म्हणतात. शब्द नवा आहे, गोष्ट जुनी आहे.

आता पायऱ्यांकडे वळू. नाशिक जिल्ह्यात त्र्यंबकजवळ हरिहर किल्ला आहे. त्याच्या उभ्या कातळावर खोदलेली पायऱ्यांची शिडी प्रसिद्ध आहे. त्या पायऱ्यांच्या बाजूस हाताने धरण्यासाठी कातळातच खोबणी केल्या आहेत. वर जाणाऱ्याचा हात जेथे आपोआप पोचतो तेथेच खोबण असते. ज्याने ती कोरली तो स्वतः त्या पायरीवर उभा राहून, आपला हात टेकवून, मग छिन्नी लावीत असला पाहिजे. कागदावर रेघा मारून हे साधत नाही. सतराव्या शतकात फ्रान्समध्ये ब्लाँदेल नावाच्या वास्तुशास्त्रज्ञाने पायरीचा एक नियम सांगितला. पायरीच्या उंचीची दुप्पट आणि तिची रुंदी यांची बेरीज माणसाच्या एका पावलाएवढी, म्हणजे सुमारे साठ ते पासष्ट सेंटिमीटर असावी. पायरी उंच झाली की पावलाची लांबी कमी करावी, हा त्याचा अर्थ. आपल्याकडील पाथरवटाने ब्लाँदेलचे नाव ऐकले नव्हते. पण पाऊल त्याचेही तेच होते.

या पायऱ्यांचे मोल इंग्रजांना चांगले कळले होते. १८१८ साली पेशवाई बुडाली. त्यानंतर कळसूबाईच्या रांगेतील अलंग-मदनसारख्या किल्ल्यांच्या पायऱ्या सुरुंगाने उडविण्यात आल्या. किल्ला पाडण्याची गरजच नव्हती. वाट तोडली की किल्ला आपोआप मेला. परंतु जंगलातील पायवाटा सुरुंगाने तुटत नाहीत. देवगावचे राघोजी भांगरे याच वाटांच्या आधाराने सरकारच्या हाती लागत नव्हते. १८४८ साली ठाण्याच्या तुरुंगात त्यांना फाशी दिली गेली. सावकाराच्या वहीविरुद्ध आणि सरकारच्या कायद्याविरुद्ध उठलेल्या महादेव कोळ्यांची ती लढाई होती. वाट कोणाच्या पायाला ठाऊक आहे, यावर त्या काळी सत्तेचा निकाल लागत असे, हे येथे लक्षात घ्यावे.

वाटेबरोबरच वाटेवरचे सामान पाहिले पाहिजे. कोकणातून मीठ वर यावयाचे आणि देशावरून धान्य खाली जावयाचे. लमाणांचे बैल गोणी वाहत, आणि जेथे बैल चढत नसे तेथे माणूस वाही. या माणसाची साधने आपण रोज पाहतो, म्हणून त्यांचा विचार करीत नाही. चुंबळ घ्या. जुन्या लुगड्याचे फडके पिळून केलेले ते एक कडे. ते डोके आणि ओझे यांच्यामध्ये बसते, भार एका बिंदूवर येऊ देत नाही आणि ओझे मानेच्या कण्याच्या बरोबर रेषेत धरते. १९८६ साली ‘नेचर’ या विज्ञानविषयक नियतकालिकात आफ्रिकेतील लुओ व किकुयू स्त्रियांच्या डोक्यावरील ओझ्यांविषयी एक शोधनिबंध प्रसिद्ध झाला. आपल्या वजनाच्या एकपंचमांशापर्यंतचे ओझे या स्त्रिया जवळजवळ काहीही जादा शक्ती न वेचता वाहून नेतात, असे त्यात मोजून दाखविले आहे. शास्त्रज्ञ थक्क झाले. आपल्या अकोल्याच्या बाजाराला भाताचे पाटे किंवा सरपणाची मोळी घेऊन येणारी बाई त्यांना कोणी दाखविली असती, तर ते कदाचित इतके थक्क झाले नसते.

दुसरे साधन इरले. बांबूच्या कामट्यांचा सांगाडा, त्यावर पानांचा थर. शहरी माणूस म्हणतो, ‘छत्री नव्हती म्हणून इरले.’ हे खरे नव्हे. छत्री उभ्या माणसासाठी आहे. भाताची लावणी करणारी बाई दिवसभर कंबरेत वाकलेली असते, तिचे दोन्ही हात चिखलात असतात. छत्री तिने कोणत्या हाताने धरावी? इरले डोक्यावरून पाठीवर उतरते, वाकलेल्या पाठीला झाकते आणि हात मोकळे ठेवते. म्हणजे इरले हे काम करणाऱ्या शरीराच्या मापाचे साधन आहे. शिवाय ते मोडले की कुजून शेतातच मिळून जाते. घोंगडीचेही तसेच. दख्खनी मेंढीची जाड लोकर, तिला चिंचोक्याची खळ. थंडीत अंथरूण-पांघरूण, पावसात खोळ आणि बाजारात धान्य पसरावयाचे जाजम. भिजली तरी ती ऊब सोडत नाही. आपल्या जिल्ह्यातील धनगर बांधव वर्षातील कित्येक महिने उघड्या माळावर काढतात. त्यांच्या अनुभवातून हे वस्त्र घडले आहे.

असे जगात सर्वत्र झालेले दिसते. नॉर्वेत ओले बर्गान या गृहस्थाने १९०९ साली पाठीच्या आकाराप्रमाणे वाकविलेल्या लाकडी चौकटीवर पिशवी बसविली आणि तिचे एकस्व घेतले. अमेरिकेतील लॉइड नेल्सन अलास्कात गेला असता तेथील मूळ रहिवाशांची, लाकडावर सीलचे कातडे ताणून केलेली पाठफळी त्याने पाहिली. तिच्यावरून त्याने १९२० नंतरच्या काळात आपली चौकट तयार केली आणि ती पुढे हजारोंनी खपली. १९३५ साली इटलीतील व्हिताले ब्रामानी याचे सहा सोबती आल्प्समध्ये दगावले. त्यांच्या पायांतील जोडे त्या हवेला व त्या खडकाला योग्य नव्हते. त्या दुःखातून त्याने १९३७ साली खाचांचा रबरी तळवा काढला. आज डोंगरात जाणाऱ्या बहुतेक जोड्यांचे तळवे त्याच घराण्यातले आहेत.

या गोष्टींतून आम्ही एक निष्कर्ष काढतो. चांगले साधन दोन वाटांनी जन्मते. एक, पिढ्यान्‌पिढ्या वापरणाऱ्याच्या हातून. दुसरी, वापरणाऱ्याचे हाल पाहून अस्वस्थ झालेल्या कारागिराच्या हातून. दोन्हींकडे मोजमाप माणसाचे आहे. फरक एवढाच, की दुसऱ्या प्रकारात एकस्वाचा कागद होतो आणि पैसा मिळतो. अलास्काच्या पाठफळीवाल्याला किंवा आपल्या चुंबळवालीला कोणी रॉयल्टी दिली नाही.

मग या घाटवाटांचे पुढे काय झाले? बोरघाटाची आगगाडी १८६३ साली आणि थळघाटाची १८६५ साली सुरू झाली. हे दोन्ही घाट बांधताना हजारो मजूर पटकी, अपघात आणि उपासमार यांनी मेले. गाडी सुरू झाल्यावर बैलांचे तांडे ओस पडले. घाटवाटा राहिल्या त्या फक्त गरिबांसाठी: सोयरीक, बाजार, औषधपाणी आणि मजुरी यांसाठी. १९२६ साली भंडारदऱ्याचे धरण पुरे झाले. प्रवरेचे पाणी कालव्याने खालच्या तालुक्यांत गेले, तेथे ऊस पिकला, १९५० च्या सुमारास प्रवरानगरला सहकारी साखर कारखाना उभा राहिला. त्या वैभवाचा आम्हांस अभिमान आहे. पण पाणी ज्यांच्या डोंगरावरून आले, त्यांच्या पाड्यांना बारमाही वाट मिळावयास पुढे कित्येक दशके लागली.

आणि ओझे तरी कोठे गेले? ते डोंगरावरून बाजारपेठेत आले. पाथर्डी, शेवगाव, जामखेडकडील ऊसतोड मजूर उसाची मोळी डोक्यावर घेऊन, एका अरुंद फळीवरून ट्रकच्या माथ्यावर चढतो. ही फळी म्हणजे आजची घाटवाट आहे. तिला कठडा नाही, तिचा चढ मोजलेला नाही, पावसात ती निसरडी होते. आम्ही एके ठिकाणी अशा फळीला आडव्या पट्ट्या ठोकून मागितल्या, तेव्हा खर्च कोणाच्या नावे टाकावयाचा यावरच पंधरा दिवस वाद चालला. पट्ट्यांना लागणारे लाकूड जुन्या खोक्याचे होते.

माणसाच्या शरीराचे माप कायद्यात यावे, यासाठी कामगारांना झगडावे लागले. १९६७ साली आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेने एका माणसाने उचलावयाच्या ओझ्याबाबत करार केला, आणि प्रौढ पुरुषासाठी ५५ किलोंच्या वर जाऊ नये अशी शिफारस केली. त्या काळी आपल्या पेठांतील पोते शंभर किलोंचे असे. मुंबईत अण्णासाहेब पाटलांनी आणि पुण्यात बाबा आढावांनी ज्या हमालांना उभे केले, त्यांच्या लढ्यातून १९६९ चा माथाडी कायदा आला. ‘माथाडी’ हा शब्द माथ्यावरून आला आहे, हे विसरू नये. कायद्यात माथा आला, ही लहान गोष्ट नव्हे.

आता आजच्या काळाकडे येऊ. १९५४ साली मुंबईत ‘गिरिविहार’ ही गिर्यारोहण संस्था स्थापन झाली. हळूहळू शहरातील तरुण मंडळी सह्याद्रीत हिंडू लागली. जी वाट पोटासाठी होती ती हौसेसाठीही झाली. यात वाईट काही नाही. गिरणीतला किंवा कचेरीतला माणूस रविवारी डोंगरावर जाऊन छाती भरून श्वास घेतो, तर तो त्याचा हक्कच आहे. परंतु शंभरांची वाट लाखांची झाली, म्हणजे तिची रचना पुन्हा विचारपूर्वक केली पाहिजे.

कळसूबाईचेच पाहा. बारी गावातून माथ्यापर्यंत अडीच हजार फुटांहून जास्त चढ आहे. पूर्वी अवघड जागी साखळ्या होत्या, पुढे लोखंडी शिड्या आल्या. त्या शिड्यांनी म्हाताऱ्याकोताऱ्यांना देवीचे दर्शन घडविले, हे मोठे काम झाले. स्कॉटलंडच्या नेस्मिथ नावाच्या गिर्यारोहकाने १८९२ साली एक हिशेब सांगितला: तीन मैलांस एक तास आणि दर दोन हजार फूट चढास आणखी एक तास. या हिशेबात ओझे नाही, कडेवरचे मूल नाही, नऊवारी नाही. कळसूबाईवर नवरात्रात जाणारी बाई या तिन्हींसह जाते. ताकाचा हंडा आणि लिंबाची पिशवी घेऊन रोज चढणारा बारीचा विक्रेता तर ओझ्यासहच जातो. शिडीची पायरी, कठड्याची उंची, मध्ये टेकण्याची जागा ही या माणसांच्या मापाने ठरावी. बूट घातलेल्या, रिकाम्या हाताच्या जवानाच्या मापाने ठरवून चालणार नाही.

दुसरा हिशेब डोंगराचा. पायवाटेचा सर्वांत मोठा शत्रू पाय नव्हे, पाणी. वाट सरळ उतारावर धरली की पहिल्याच पावसात ती ओहोळ होते, माती जाते, दगड उघडे पडतात. मग लोक बाजूने नवी वाट पाडतात आणि तीही वाहून जाते. म्हणून जगभरचे जाणकार सांगतात की वाट उताराला आडवी घ्यावी, तिचा चढ डोंगराच्या उताराच्या निम्म्याहून कमी ठेवावा, तिला बाहेरच्या बाजूस किंचित कल द्यावा आणि ठिकठिकाणी दगडाचा आड घालून पाणी खाली सोडावे. आमच्या कोळी, ठाकर बांधवांच्या जुन्या वाटा पाहा; त्या नागमोडीच असतात. भाताच्या खाचराचे बांध घालणाऱ्याला पाणी कसे वळवावे हे शिकवावे लागत नाही. वळण तोडून मधून चढणारा घाईचा पाहुणाच कारवीची मुळे उपटतो आणि डोंगराला ओघळ पाडतो.

हा सारा प्रदेश १९८६ पासून कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्य आहे. येथे शेकरू आहे, अनेक वर्षांनी एकदा फुलणारी कारवी आहे. पावसाच्या तोंडावर भंडारदऱ्याच्या झाडांवर काजवे लखलखतात, ते पाहण्यासाठी मोटारींच्या रांगा लागतात. काजव्याचा प्रकाश ही त्याची भाषा आहे. मोटारीचा दिवा आणि हातातली विजेरी ती भाषा पुसून टाकते. त्याची अळी जमिनीवरच्या ओल्या पालापाचोळ्यात वाढते, तेथेच आपण तंबू ठोकतो. म्हणून साधनाचा विचार येथेही हवा. विजेरी खाली पाहणारी व मंद असावी. तंबू ठरलेल्या, पाऊल पडून घट्ट झालेल्या जागीच असावा. वर नेलेली बाटली खाली आली पाहिजे. शेवटच्या गोष्टीसाठी कोणतेही शास्त्र लागत नाही.

या सर्वांतून काय करावे? आमच्या मते तीन गोष्टी कराव्यात. पहिली, वाट दुरुस्त करण्यापूर्वी किंवा नवी शिडी बसविण्यापूर्वी, त्या वाटेने रोज जाणाऱ्या माणसांची, विशेषतः बायांची, बैठक घ्यावी आणि त्यांच्या सूचना अंदाजपत्रकाला जोडाव्यात. दुसरी, दर पावसाळ्यापूर्वी व नंतर पायवाटेची डागडुजी हे कायमचे, पगारी काम मानावे आणि ते पायथ्याच्या गावांना द्यावे. १९७२ च्या दुष्काळात याच जिल्ह्यात माणसांनी खडी फोडून रस्ते केले. त्या अनुभवातून महाराष्ट्राने १९७७ साली रोजगार हमीचा कायदा केला. जो समाज दुष्काळात रस्ता बांधू शकतो, तो सुकाळात पायवाट राखू शकतो. तिसरी, वाटाड्या आणि सामान वाहणारा यांच्या पाठीवरील ओझ्याला मर्यादा, त्यांच्या अंगाला विमा आणि त्यांच्या मजुरीला दर असावा. पाहुण्याच्या पाठपिशवीची रचना उत्तम आणि ती वाहणाऱ्याच्या पायांत फाटकी चप्पल, ही रचना अपुरी आहे.

कळसूबाईची एक कथा या मुलखात सांगतात. कळसू ही रानात रमणारी कोळ्याची पोर. ती पायथ्याच्या गावी एका घरी कामाला राहिली ती अट घालून: भांडी घासावयास आणि केर काढावयास मला सांगावयाचे नाही. एके दिवशी घरच्यांनी तेच काम सांगितले. तिने ते केले, आणि मग डोंगर चढून गेली, ती पुन्हा उतरली नाही. लोकांनी तिला देवी मानले. महाराष्ट्राच्या सर्वोच्च शिखराला कामाच्या अटी घालणाऱ्या एका मोलकरणीचे नाव आहे, ही गोष्ट आम्हांस फार अर्थपूर्ण वाटते.

आपल्या जिल्ह्याला आज ज्या अहिल्याबाई होळकरांचे नाव आहे, त्या १७२५ साली याच जिल्ह्यातील चौंडी येथे जन्मल्या. त्यांनी देशभर घाट, विहिरी आणि धर्मशाळा बांधल्या, त्या चालणाऱ्यासाठी. नदीच्या घाटाची पायरी असो की डोंगराच्या घाटाची, ती उतरणाऱ्याच्या पायाला समजली पाहिजे. जिल्ह्याने नाव घेतले आहे. तेव्हा हे मापही घ्यावे, एवढे सांगून आम्ही आपली रजा घेतो.